थोरल्याची चाल

थोरला पोस्टमन होता आणि धाकटा पडायचं काम करायचा.

पडायचं म्हणजे खरोखरच पडायचं. पडद्यावरची माणसं अजून मुकी होती तेव्हाची ही गोष्ट. शहराच्या कडेला काचेच्या छपराचा एक स्टुडिओ होता आणि तिथे दर पंधरवड्याला वीस मिनिटांचा एक विनोदी मूकपट तयार व्हायचा. त्यात कुणी शिडीवरून कोसळायचं, कुणी चुन्याच्या बादलीत बसायचं, कुणी दारातून आत यायचं आणि लाथ खाऊन खिडकीतून बाहेर जायचं. लाथ बहुतेक वेळा धाकट्याच्याच नशिबी असायची. तो तक्रार करत नसे. त्याआधी छापखाना, बेकरी आणि लाकडाची वखार अशी तीन ठिकाणं त्याने पाहिली होती आणि तिन्ही ठिकाणी त्याच्या हातून काही ना काही सांडलं होतं. इथे सांडण्यालाच मान होता.

थोरल्याचं तसं नव्हतं. वडील गेले तेव्हा तो अठरा वर्षांचा होता आणि धाकटा सात. टपालाची पिशवी त्याने तेव्हा खांद्याला लावली ती पुढे वीस वर्षं उतरवली नाही. त्याच्या डाव्या पायात खोट होती. चार वर्षांचा असताना ताप आला, तो जाताना कंबरेचा सांधा घेऊन गेला. पाय आखूड राहिला आणि ताठ झाला. चालताना त्याचा डावा खांदा खाली जायचा, कंबर बाहेर निघायची, पाऊल जमिनीवर झाडूसारखं अर्धगोल फिरायचं, आणि ते टेकलं की हनुवटीला एक बारीकसा झटका बसायचा, जणू कुणीतरी काही विचारलंय आणि तो ‘बरं’ म्हणतोय. जुन्या पोस्टमास्तरांनी त्याला महिनाभर चालवून बघितलं आणि मगच नोकरीवर घेतलं. त्या चालीने तो रोज चारशे घरं करायचा. धाकट्याची शाळा, त्याची दुखणी, त्याच्या सुटलेल्या नोकऱ्या, सगळं त्या एका पायावर उभं होतं.

एक दिवस भोंगेसाहेबांनी धाकट्याला बोलावून घेतलं. दिग्दर्शकाचं हे नाव अर्थात पाठीमागचं. समोरचा माणूस हातभर अंतरावर असला तरी ते पत्र्याच्या कर्ण्यातूनच बोलायचे, त्यामुळे स्टुडिओत कुणाची कानउघाडणी खासगीत होत नसे. सगळ्यांच्या देखत त्यांनी धाकट्याला सांगितलं, की तू पडतोस छान, पण पडणारे पुष्कळ मिळतात. लोकांनी माणूस पाठमोरा बघूनही ओळखला पाहिजे. परवापर्यंत स्वतःचं काहीतरी घेऊन ये, नाहीतर येऊ नकोस.

दोन दिवस धाकटा भाड्याच्या खोलीत येरझारा घालत होता. बदकासारखं चालून झालं, बूट चावल्यासारखं चालून झालं, वारा समोरून येतोय असं चालून झालं. खालच्या घरमालकिणीने दोनदा छताला काठी लावली. हाती काही लागलं नाही.

तिसऱ्या दिवशी हॉटेलचा देखावा उभा होता. धाकट्याने बशांची चळत घेऊन या दारातून त्या दारापर्यंत जायचं आणि तिथे आपटायचं, एवढंच काम. कॅमेऱ्याचं हँडल फिरू लागलं. तो दारात उभा राहिला आणि डोकं पाटी पुसल्यासारखं कोरं झालं. भोंगा ओरडला, ‘चाल!’ आणि तो चालला. खांदा खाली, कंबर बाहेर, पाऊल अर्धगोल, हनुवटीला झटका. त्याने ठरवून काही केलं नव्हतं. वीस वर्षं बघितलेलं अंगात मुरलं होतं, ते बाहेर आलं. हातातल्या बशा प्रत्येक पावलाला ‘बरं, बरं’ म्हणत डुलत होत्या.

वर मचाणावर बसलेले सुतार हसू लागले. हँडल फिरवणारा इतका हसला, की चित्र तिथे दोन ठिकाणी धक्के खातं. भोंगेसाहेबांनी पहिल्यांदाच तोंडावरचा भोंगा काढला आणि विचारलं, हे कुठून आणलंस?

“सुचलं,” धाकटा म्हणाला. “असंच.”

संध्याकाळी तोंडावरचा रंग धुताना त्याला आठवलं, की आठ-नऊ वर्षांचा असताना गल्लीतल्या पोरांना हसवायला त्याने ही चाल एकदा करून दाखवली होती. आईने बघितलं आणि तिथेच थोबाडीत दिली होती. थोरला मध्ये पडून म्हणाला होता, जाऊ दे गं, लहान आहे तो. आता आई नव्हती आणि तो लहानही नव्हता. त्याने तोंड तीनदा धुतलं. पण खोटं बोलायचं नाही, तर त्या रात्री त्याला झोप छान लागली.

चित्र चाललं. नुसतं चाललं नाही, धावलं. प्रेक्षकांनी त्या पात्राचं नाव स्वतःच ठेवलं, हेलपाट्या. पुढच्या चित्रात तो हेलपाट्या न्हावी झाला, त्याच्या पुढच्यात हेलपाट्या अग्निशामक. डोक्यावर खोल टोपी, नाकाखाली चिकटवलेली झुपकेदार मिशी, त्यामुळे रस्त्यात धाकट्याला कुणी ओळखत नसे. पोस्टर तर पाठमोरंच रंगवलेलं होतं, पाऊल हवेत अर्धगोल धरलेलं. त्यातलं एक टपाल कचेरीसमोरच्या भिंतीवर चिकटवलेलं धाकट्याने पाहिलं आणि तेव्हापासून त्याने तो रस्ता सोडला.

घरी त्याने मोघम सांगून ठेवलं होतं. दर रविवारी तो दादाकडे जेवायला जायचा. वहिनी विचारायची, भावोजी, तुमचं चित्र आम्ही बघायला कधी जायचं? तो म्हणायचा, बघण्यासारखं काही नाही हो, गर्दीत कुठेतरी असतो. स्वतःच्या मनाची समजूतही त्याने घालून ठेवली होती. चाल घोटून घ्यायला तो आरशासमोर उभा राहायचा, त्यात बाजू उलटली होती. दादाचा डावा पाय, आपला उजवा. म्हणजे ही दादाची चाल नव्हेच, असं तो स्वतःला पटवायचा. चोराच्या मनात चांदणं म्हणतात, तसं एखाद्या रविवारी वहिनीने साधं ‘पाय कसे आहेत’ विचारलं तरी तो ताटात मान घालायचा.

मग त्याने दादासाठी बूट करवून घेतले. स्टुडिओतला चांभार हुशार होता, त्याने डाव्या तळाला दोन बोटांची उंची दिली. दादाने ते घालून खोलीत फेऱ्या मारल्या. अगदी लहान मुलासारखा खूश झाला. म्हणाला, बघ रे, आता कमी डुलतो का मी? धाकटा बघत होता. नव्या बुटाची सवय नसल्याने दादाचं पाऊल टेकण्याआधी क्षणभर हवेत अडखळत होतं, जमीन सापडत नसल्यासारखं. धाकटा म्हणाला, हो, बराच फरक आहे. आणि मंगळवारी चित्रीकरणात त्याने ते अडखळणं चालीत घातलं. सुतार पुन्हा हसले. हसू ओसरल्यावर त्याच्या लक्षात आलं, आपण काय केलं ते. खाल्ल्या घरचे वासे मोजणारा माणूस कसा दिसतो, हे बघायला त्याला त्या दिवशी आरसा लागला नाही.

वर्ष-दीड वर्ष असंच गेलं. मग एका रविवारी तो लवकर पोचला. दादा अजून अंघोळीला गेलेला होता. वहिनी भांडी पुसता पुसता हळूच म्हणाली, यांनी फिरतीचं काम सोडलंय, तुम्हाला बोलले का? गेल्या महिन्यापासून आत बसून पत्रं लावतात. पाय दुखतो म्हणतात. पण पाय नाही दुखत, भावोजी. रस्त्यावर पोरं मागे लागतात. रांग करून तसंच चालतात. कुठल्याशा चित्रातलं काहीतरी आहे म्हणे. एक दिवस एका मोठ्या माणसानेच, चांगला कोट घातलेल्या, यांना थांबवून सांगितलं, वा, हुबेहूब करतोस, आणखी एकदा करून दाखव.

धाकट्याने पुसलेली भांडी उचलून फळीवर लावायला घेतली.

दादा आला, खुर्चीवर बसला आणि गणवेशाची पितळी बटणं फडक्याने घासू लागला. आत बसायचं काम असलं तरी बटणं तो रोज घासायचा. तेवढ्यात त्याची सहा वर्षांची मुलगी बापाची टोपी डोक्यावर घालून आली. शेजारच्यांनी तिला आदल्या दिवशी थेटरात नेलं होतं.

“काका, बघा. हेलपाट्या,” ती म्हणाली आणि चुलीपासून दारापर्यंत चालत गेली. खांदा, कंबर, पाऊल, हनुवटी, काही सुटलं नाही. मग वळून ती मोठ्या अभिमानाने बापाला म्हणाली, “मी शाळेत सांगितलं, आमच्या बाबांना हेलपाट्या सगळ्यात छान येतो. रोज करतात. हो ना बाबा?”

वहिनीच्या हातातलं फडकं थांबलं.

“हो,” दादा म्हणाला. “येतो खरा.” आणि पुढचं बटण घासायला घेतलं.

धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं म्हणतात. धाकट्यासाठी ती दुभंगली नाही. तो तिथेच बसला, जेवला, दोनदा वाढून घेतलं, आणि चांगलं झालंय असंही म्हणाला.

दुसऱ्या दिवशी त्याने स्टुडिओत पाय मुरगळल्याचं सोंग केलं आणि सगळं चित्र साध्या चालीने केलं. ते थेटरात लागलं तेव्हा तो मागे उभा राहून बघत होता. त्यात शिडी होती, पाण्याची टाकी होती, तीन पोलीस एकमेकांवर पडत होते. लोक थंड. कुणीतरी अंधारातून ओरडलं, चाल की लेका! भोंगेसाहेबांनी त्याला बोलावून सांगितलं, पाय बरा होईपर्यंत घरी बस, हवं तर डॉक्टर पाठवतो. आठ दिवसांत त्याचा पाय बरा झाला. त्याने पुन्हा ती चाल केली. पहिल्याच पावलाला मचाण हसलं, आणि ते हसू अंगावर पडलं तसं त्याला उन्हात बसल्यासारखं बरं वाटलं. पुढे पुष्कळ वर्षांनी त्याला सगळ्यात जास्त लाज वाटायची ती याचीच. पुतणीचं बोलणं ऐकून पुरता महिनाही झाला नव्हता आणि त्याला बरं वाटलं होतं.

दोन दिवसांनी, चित्रीकरणाच्या मधल्या सुट्टीत, तो टपाल कचेरीत गेला. मिशी काढायची राहिली होती, ती त्याने दारात ओढून काढली आणि ओठावर लाल पट्टा उठला. मागच्या खोलीत भिंतभर चौकोनी कप्पे होते आणि समोरच्या उंच स्टुलावर दादा बसला होता. तो पत्ता वाचत होता आणि न बघता पत्र कप्प्यात टाकत होता. त्याचे हात चपळ होते. आपण दादाचे हात कधी नीट बघितलेच नाहीत, असं धाकट्याला वाटलं.

“दादा, ती चाल तुझी आहे,” तो म्हणाला. वाटेत जुळवलेलं बाकीचं सगळं तो विसरला.

“माहीत आहे.” दादाने टाकलेलं पत्र चुकीच्या कप्प्यात गेलं होतं. ते काढून त्याने नीट लावलं. “पहिल्या चित्रापासून माहीत आहे. तू असतोस म्हणून बघायला गेलो होतो. एकटाच. मागच्या बाकावर बसलो.”

“मग बोलला का नाहीस?”

“काय बोलू? हसलो मी. सगळ्यांच्या आधी. तू त्या बशा घेऊन निघालास आणि मला वाटलं, काय विचित्र चालतोय हा माणूस. कळायला चार पावलं गेली. मी मला चालताना कधी बघितलंच नव्हतं रे.” त्याने आणखी एक पत्र कप्प्यात टाकलं. “मग दिवे लागले आणि मला उठवेना. इतकी वर्षं लोकांच्या देखत चाललो, काही वाटलं नाही. त्या दिवशी दारापर्यंतची वीस पावलं टाकवेनात. झाडूवाली आली तेव्हा उठलो.”

धाकट्याने माफी मागितली. मागितली म्हणजे शब्द नीट आले नाहीत, पण दादाला कळलं.

“मी वाट बघत होतो,” दादा म्हणाला. “दर रविवारी वाटायचं, आज सांगेल. मग तू ते बूट आणलेस. मी म्हटलं, आता सांगेल.”

एवढं बोलून त्याने पत्रांचा पुढचा गठ्ठा सोडला. त्याच्या आवाजात राग नव्हता आणि तेच धाकट्याला झेपेना. दोन शिव्या बसल्या असत्या तर त्या घेऊन तो निघून गेला असता. तो तिथेच कप्प्यांना टेकून उभा राहिला, शेवटी दादानेच सांगितलं, बाजूला हो, तिथे दक्षिणेकडची पत्रं जातात.

तिथून तो सरळ स्टुडिओत गेला आणि भोंगेसाहेबांना म्हणाला, मी ही चाल यापुढे करणार नाही. साहेबांनी कारण विचारलं. ही माझ्या भावाची आहे, असं तो म्हणाला. साहेब म्हणाले, मग भावाला घेऊन ये. हे ते थट्टेने बोलले नव्हते, आणि भोंग्यातून बोलले होते. सगळा स्टुडिओ ऐकत होता. सुतारांनी मचाणावरून वाकून बघितलं. धाकट्याने टोपी टेबलावर ठेवली आणि मान खाली घालून निघाला.

आपण काहीतरी केलं, असं त्याला जेमतेम पंधरा दिवस वाटलं. मग नवा हेलपाट्या आला. सर्कशीतून आणलेला कुणी माणूस होता, त्याच टोपीत, त्याच मिशीत. त्याने कंबरेला उशी बांधली होती, पाऊल झाडूऐवजी खराट्यासारखं ओढत होता, आणि हनुवटीचा झटका इतका मोठा करायचा, की टोपी उडायची. लोकांना तो जास्तच आवडला. भिंतीवरचं पोस्टर बदलावंसुद्धा लागलं नाही. धाकटा थेटरात शेवटपर्यंत बसला. हा माणूस चुकतोय, दादा असं नाही चालत, हे त्याला दर पावलाला कळत होतं, आणि हे कळण्याचीही लाज वाटत होती.

रविवारी त्याने दादाला सगळं सांगितलं. दादाने ऐकून घेतलं आणि विचारलं, मग आता तू काय करणार? धाकटा म्हणाला, दुसऱ्या एका कंपनीत पडायचं काम मिळतंय. दादा म्हणाला, पाठ सांभाळ.

त्याच महिन्यात टपाल कचेरीने दादाला पुन्हा फिरतीवर बोलावलं. त्याच्या जागी दिलेला माणूस पत्रं शेजारच्या दारात टाकायचा, आणि वरच्या आळीतल्या एका म्हाताऱ्या शिवणवालीने कचेरीत येऊन ठिय्याच दिला होता. तिला वाचता येत नव्हतं. मुलाचं पत्र तिला पायरीवर बसून दादा वाचून दाखवायचा, आणि नव्या माणसाला वेळ नव्हता. दादाने एक रात्र विचार केला आणि हो म्हणाला. वहिनीने धाकट्याला निरोप धाडला, की चार महिने बसून यांचा सांधा धरलाय, पहिल्या दिवशी पिशवीला कुणीतरी सोबत हवं.

सकाळी धाकटा पिशवी खांद्याला लावून दादाच्या मागे निघाला. पिशवी किती जड असते हे त्याला माहीत नव्हतं. दादा पत्र द्यायचा, दोन शब्द बोलायचा, पुढे निघायचा. बाराव्या की तेराव्या घरापाशी पोरं आली. आधी दोन होती, मग सहा झाली. त्यांनी रांग धरली आणि सुरू झाली, खांदा खाली, कंबर बाहेर. एक पोर टोपी उडवत होतं, म्हणजे त्याने नवं चित्र पाहिलं होतं. धाकटा वळून त्यांच्या अंगावर जाणार तोच दादाने त्याला बाहीला धरून थांबवलं आणि सांगितलं, ओरडलास तर उद्या बारा येतील.

ते तसेच पुढे निघाले. दादाच्या पावलाशी पाऊल जुळवत, पिशवीचा भार सावरत धाकटा खाली बघून चालत होता. शेवटी त्याच्या लक्षात आलं, की पोरं आता दादाकडे बघून हसत नाहीत. ती त्याच्याकडे बघत होती. त्याचा उजवा पाय जमिनीवर अर्धगोल फिरत होता. दीड-दोन वर्षं घोटलेली चाल दादाच्या मागे चालताना आपोआप सुरू झाली होती. पुढून दादा डावीकडे झुकत होता आणि मागून तो उजवीकडे. त्याने पाय आवरायला बघितलं. तो आवरेना, जितका सांभाळून टाकावा तितका फिरे. रस्त्याच्या मधोमध तो थांबला आणि मान वर करू शकला नाही. पोरांना वाटलं, आता हा पडणार, म्हणून तीही श्वास रोखून थांबली.

दादा मागे वळला. त्याने आधी भावाच्या पायांकडे बघितलं, मग तोंडाकडे.

“सरळ चाल,” तो हळूच म्हणाला. “तुला येतं ते.”

त्याने पिशवीचा पट्टा भावाच्या दुसऱ्या खांद्यावर सरकवला, पुढचं पत्र काढून पत्ता वाचला, आणि धाकट्याचं पाऊल नीट पडेपर्यंत तिथेच उभा राहिला. बराच वेळ लागला. मग ते दोघे शिवणवालीच्या दाराकडे वळले. पोरं कोपऱ्यापर्यंत मागे आली.